भिंतवाला पाहुणा

भिंत दिसली की हात शिवशिवणारी माणसं मी आयुष्यात दोनच पाहिली. एक माझे अब्बा आणि दुसरा, लॉस एंजेलिसहून आमच्या शारजाच्या घरी तीन आठवड्यांसाठी येऊन पाच महिने राहिलेला आमचा पाहुणा. या दोघांची गाठ पडू नये अशी सोय अल्लाने केलेली होती, मधे चांगले दोन महासागर ठेवले होते. कारण पाहुण्याचं पोट चालायचं ते भिंतीवर काहीतरी काढण्यावर, आणि अब्बांचं, भिंतीवर कुणी काही काढलं असेल तर ते पुसण्यावर. ही गाठ मी घालून दिली. तेव्हा पुढे जे झालं त्यात माझाही वाटा आहे, हे आधीच सांगून टाकते.

अब्बा रत्नागिरीकडून चौथी पास होऊन इकडे आले ते रंगारी म्हणून. अठ्ठावीस वर्षं त्यांनी इमारतींच्या बाहेर दोरावर लटकत एकच रंग मारला, क्रीम. माझ्या लहानपणी आम्ही तिघं एका फ्लॅटमधल्या एका खोलीत राहायचो. मधे पडदा आणि पडद्यापलीकडे केरळचं एक कुटुंब. त्यांच्या कुकरच्या शिट्ट्या आम्ही मोजायचो आणि आमच्या सुक्या बांगड्याचा वास ते सोसायचे. शेगडी पाळीपाळीने मिळायची, त्यामुळे कित्येकदा आमचं रात्रीचं जेवण संध्याकाळी पाचलाच उरकलेलं असायचं. सहा वर्षांची असताना मी त्या खोलीच्या भिंतीवर निळ्या पेन्सिलने तीन शिडांची होडी काढली. अब्बा कामावरून आले, होडी पाहिली, आणि तोंडावर पाणीही न मारता उरल्यासुरल्या रंगाचा डबा उघडून बसले. घरमालकाने पाहिलं असतं तर खोली गेली असती. दहा मिनिटांत होडी बुडाली. मी भोकाड पसरलं तेव्हा म्हणाले, "रडतेस काय? बघ, कुठे होती ते तरी सांगता येतं का तुला?" त्यांच्या दृष्टीने हे सांत्वन होतं. चांगल्या रंगाऱ्याचं काम दिसता कामा नये, हा त्यांचा धर्म.

पुढे मी शिकले. आमच्या खानदानातली पहिली ग्रॅज्युएट. हे वाक्य मी इथे एकदाच लिहायचं ठरवलं आहे. अम्मी मात्र लिफ्टमध्ये भेटणाऱ्या अनोळखी फिलिपिनो बाईलासुद्धा ते ऐकवते, आणि डिग्री हॉलमध्ये अशी लावली आहे की दार उघडणाऱ्या डिलिव्हरीवाल्याला पार्सलच्या आधी ती दिसावी. दुबई सिलिकॉन ओएसिसमधल्या एका इव्हेंट कंपनीत मला नोकरी लागली, आम्ही दोन बेडरूमच्या फ्लॅटमध्ये आलो, अब्बांना मी निवृत्त केलं. म्हणजे नोकरीतून. आजही कुठल्या भिंतीजवळून जाताना ते थांबतात, बोटाने पोपडा उचकटतात आणि म्हणतात, "प्रायमर खाल्ला यांनी." म्हणजे रंगाखालचा पहिला हात चुकवला आणि त्याचे पैसे खिशात घातले.

तर आमच्या कंपनीला एक काम मिळालं. आमच्याच घरासमोरच्या तीन मजली इमारतीची पार्किंगकडची कोरी भिंत सजवायची. क्लायंटला 'इंटरनॅशनल' कलाकार हवा होता. तसा हा आला. पहिल्याच दिवशी हॉटेलच्या बाथरूममधल्या फरशीवर त्याने स्प्रेची धार तपासून पाहिली आणि हॉटेलने त्याचं सामान लॉबीत आणून ठेवलं. कोऑर्डिनेटर मी. त्याला घेऊन कुठे जाणार? घरी आणला.

दारात जो उभा राहिला त्याला पाहून अम्मीने डोक्यावरची ओढणी सारखी केली आणि माझ्याकडे बघून डोळे मोठे केले. साठीला टेकलेला माणूस, झुबकेदार मिश्या, मानेवर मेरीमातेचं गोंदण. सप्टेंबरच्या उकाड्यात अंगात जाड चौकड्यांचा लोकरी शर्ट, त्याचं फक्त गळ्याचं बटण लावलेलं, बाकी सगळी उघडी. खाली खाकी पँट आणि तिला अशी इस्त्री की घडीवर कांदा चिरावा. ही इस्त्री तो रोज सकाळी चाळीस मिनिटं करायचा. मग तीच पँट घालून कामावर जायचा आणि संध्याकाळी अंगभर रंग उडवून घ्यायचा. मी एकदा विचारलं, "रंगच लागणार आहे तर इस्त्री कशाला?" तर म्हणाला, "माझी आई लोकांची ऑफिसं पुसायची, बाप लिंबाच्या बागेत राबायचा. आमच्याकडे दुसरं काही नव्हतं. इस्त्री होती." एवढं गंभीर उत्तर दिल्यावर तो माझं इस्त्रीचं टेबल रोज चाळीस मिनिटं अडवतो अशी तक्रार कोण करणार?

हा नक्की कुठला, यावर आमच्या घरी आठवडाभर खल चालला. तो म्हणे, मी चिकानो. अम्मी म्हणे, हा देश कुठेशी आला? त्यावर त्याने चहाचे तीन कप संपवत तासभर व्याख्यान दिलं. आईबाप मेक्सिकोचे, हा जन्मला अमेरिकेत. अमेरिकन याला मेक्सिकन समजतात, मेक्सिकोत गेला की तिथले याच्या स्पॅनिशला हसतात. इकडचा नाही, तिकडचा नाही, म्हणून चिकानो. बोलताना त्याची मूठ वळली. मी त्याचं इंग्रजी अम्मीला मराठीत सांगत होते. तिने भाकरी उलटली आणि म्हणाली, "अगो, म्हणजे तुझ्यासारखा. इथे वीस वर्षं राहून परदेशी, नि गावाला गेलीस की दुबईवाली. एवढ्याला तासभर कशाला?" मी हे भाषांतर करून सांगितलं. त्याने रिकामा कप तोंडाला लावला आणि खाली ठेवला. चाळीस वर्षांचा लढा एका भाकरीच्या वेळात आटोपल्याचं दुःख असावं. मग त्याने ती तांदळाची भाकरी हातात घेतली, उजेडात धरली, वास घेतला आणि जाहीर केलं की ही टॉर्टिया आहे, त्यांच्या मेक्सिकोची भाकरी. त्या दिवसापासून तो अम्मीला 'सेन्योरा', म्हणजे बाईसाहेब, म्हणू लागला, अम्मी त्याला 'भाऊ', आणि तीन आठवड्यांचा हिशेब कोणी काढेनासं झालं.

त्याचं भिंतींशी बोलणं हा एक वेगळाच ताप होता. रस्त्याने चालताना तो अनोळखी भिंतींवर टकटक करायचा, गाल टेकवायचा, कान लावायचा. भर दुपारी एका बँकेच्या भिंतीला असाच चिकटला असताना गार्डने हटकलं, "क्या चाहिए भाईसाब?" तर हा म्हणाला, "नथिंग, हबीबी. शी इज स्लीपिंग." गार्डने माझ्याकडे पाहिलं. मी दुसरीकडे पाहिलं. माझी डिग्री अशा प्रसंगांसाठी नाही.

त्याच्याजवळ एक आल्बम होता आणि एक पत्र्याची डबी. आल्बममध्ये त्याने आयुष्यात रंगवलेल्या वीस भिंतींचे फोटो. सोळाव्या वर्षी गल्लीतल्या लाँड्रीवर काढलेली पहिली भिंत, संपावरच्या मजुरांची भिंत, गोळीबारात गेलेल्या शेजारच्या पोरीची भिंत. प्रत्येक फोटोनंतर तो एकच वाक्य म्हणायचा, "खलास." ही नव्या मालकाने पुसली, ही पाडून पार्किंग झालं, हिच्यावर जाहिरात आली, हिचा रंगच वर्षात गळून पडला. डबीत त्या भिंतींच्या खपल्या. वीसच्या वीस गेल्या होत्या. त्याला डॉक्टरने सांगितलं होतं की खांदा आता फार दिवस वर जाणार नाही. "ही एकविसावी," तो म्हणायचा, "आणि ही राहिली पाहिजे. एक तरी." अब्बा चष्मा लावून प्रत्येक फोटो बघायचे आणि मान हलवायचे. त्यांना दुःख व्हायचं, पण वेगळं. "ब्रदर, दिस नो गुड," ते एका फोटोवर बोट ठेवून म्हणाले. "प्रायमर नॉट पुटिंग."

'भिंत लोकांची असते' असं रोज बजावणाऱ्या या क्रांतिकारकाला मी क्लायंटच्या मीटिंगला नेलं. समोर मार्केटिंग मॅनेजर, टाय घातलेला, आपलाच, म्हणजे दिल्लीचा. म्हणाला, "वी वाँट कम्युनिटी फील. बट नो पीपल, प्लीज." पाहुण्याने विचारलं, "कम्युनिटी, माणसांशिवाय?" मॅनेजर म्हणाला, "एक्झॅक्टली!" मला वाटलं, आता टेबल उलटणार. पण क्रांती लंचपर्यंत टिकली. बिर्याणी आली तोवर ससाणा ठरला होता, होडी ठरली होती, कॉफीची सुरई आणि सूर्यास्तही. सतराव्या आवृत्तीवर मालकाची सही झाली. सही घेऊन परतताना ट्रॅफिकमध्ये मी टोमणा मारला, "मजुरांची मूठ कुठे गेली हो?" तो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "मूठ काढलेली प्रत्येक भिंत पुसली. ससाण्याला कोण पुसणार?" मला हसू आलं. मग आलं नाही.

आता त्याची कामाची रीत सांगायला हवी, कारण सगळं रामायण तिथेच घडलं. एवढी मोठी भिंत माप घेऊन आखणं त्याला कमीपणाचं वाटायचं. तो आधी भिंतभर वाटेल तशा खुणा करायचा. अक्षरं, मासे, डोळे, गोळे. मग भिंतीचा फोटो काढायचा, फोनमध्ये त्या फोटोवर आपलं चित्र ठेवायचा, आणि कुठली खूण चित्रात कुठे येते ते बघत रंगाऱ्यांच्या पिंजऱ्याच्या लिफ्टवर चढून रेघा मारायचा. म्हणजे ससाण्याचा डोळा माशाच्या शेपटीपाशी आणि चोच अमुक अक्षरावर. खुणा करायलाही याने आख्खा मोहल्ला बोलावला, भिंत लोकांची ना! कॅफेटेरियावाल्याने मल्याळममध्ये पराठ्यांचे प्रकार लिहिले, लाँड्रीवाल्याने उर्दूत शेर, इमारतीच्या नातूरने, म्हणजे वॉचमनने, आपल्या बायकोचं नाव, पोरांनी इंग्रजीत जे लिहायचं ते, आणि अम्मीने, मला सांगायला लाज वाटते, माझी डिग्री आणि टक्के. त्या गिचमिडीवर पाहुण्याने चार दिवस घालवून ससाण्याची अर्धी रेघ ओढली. उद्घाटनाला अकरा दिवस होते. तेवढ्यात त्याचा खांदा धरला. अम्मीने हुकूम सोडला, "दोन दिवस आराम." शनिवार-रविवार आम्ही तिघं खोर फक्कानला अम्मीच्या मामेभावाकडे गेलो.

अब्बा तेव्हा गावी होते, पुतण्याच्या लग्नाला. ते सोमवारी येणार होते. आले शनिवारी सकाळी, न कळवता. नंतर म्हणाले, "लग्नघरात तिसऱ्या दिवशी मुंबईहून आलेल्यालाही कोणी विचारत नाही, मी तर दुबईवाला." घरी कोणी नाही. चहा करून ते बाल्कनीत गेले आणि समोर पाहिलं, तर पाहुण्याची ती भिंत, ज्या एका भिंतीसाठी हा माणूस इतक्या लांबून आला ती, कुणीतरी वरपासून खालपर्यंत खरडून ठेवलेली. मधोमध एक अर्धवट कोंबडी. पाहुणा घरात नाही. उद्या मालक येऊन बघेल, नाव पाहुण्याचं जाईल, आणि तो पाहुणा आपल्या घरचा. आमच्या अब्बांनी आणखी विचार केला नाही. त्यांनी नातूरला गाठलं. तो बिचारा ओरडून सांगत होता म्हणे की यात माझ्या बायकोचं नाव आहे. अब्बा म्हणाले, "नाव घरात घे." मग त्यांनी जुन्या टोळीतल्या दोघा सोबत्यांना फोन केला.

रविवारी चारला आम्ही परतलो. पाहुणा गाडीतून उतरला, वळला आणि उभाच राहिला. भिंत क्रीम होती. इतकी सपाट, इतकी स्वच्छ, की कुठे काय होतं ते सांगता आलं नसतं. खाली अब्बा डोक्याला रुमाल बांधून ब्रश धूत होते. आम्हाला बघून त्यांचा चेहरा फुलला. "कुणा हरामखोराने घाण केली होती भिंतीवर. खरवडली, ओलीचा पांढरा खार फुटला होता तोही काढला, पुट्टी, प्रायमर, वर रंगाचे दोन हात. नाऊ फर्स्ट क्लास, ब्रदर. नाऊ यू स्टार्ट."

पाहुणा भिंतीजवळ गेला, टकटक केलं, गाल टेकवला. मग म्हणाला, "वीस भिंती काढून झाल्यावर पुसल्या गेल्या. ही पहिली, काढायच्या आधीच." आणि फुटपाथवर बसून असा हसत सुटला की कॅफेटेरियातले लोक बाहेर आले. मधेच ते हसणं वेगळं झालं, आणि मी अब्बांना बाजूला घेऊन सगळं समजावून सांगितलं. त्यांचा चेहरा उतरत गेला. हातातला ब्रश त्यांनी तीनदा झटकला. त्यात पाणी नव्हतं. शेवटी हळूच म्हणाले, "तुझी होडीसुद्धा मीच पुसली होती ना गो?" एवढी वर्षं त्यांना ती होडी लक्षात असेल असं मला वाटलं नव्हतं.

सोमवारी सकाळी मॅनेजरने कोरी भिंत पाहिली आणि मला मेसेज केला, "लुकिंग सो क्लीन! कॅन वी कीप लाइक धिस?" हा खरा धोका. क्लायंटला भिंत आवडली होती, चित्राशिवाय. पाहुण्याला मी हे दाखवलं नाही. मॅनेजरला फोन लावला. म्हटलं, "जरूर सर. फक्त मालकांनी सतराव्या आवृत्तीवर सही केली आहे. आता कोरी भिंत ही अठरावी आवृत्ती धरावी लागेल. पुन्हा पहिल्यापासून सगळ्यांच्या मंजुऱ्या. मी फॉर्म पाठवते." पलीकडे कागद चाळल्याचा आवाज. मग, "नो नो नो. यल्ला, गो अहेड विथ द बर्ड." कॉलेजात जे शिकले त्याचा एवढा रोकडा उपयोग पुन्हा कधी झाला नाही.

नऊ दिवस उरले होते, आणि खांदा एकच. अब्बा काही न बोलता सुतळी, खडू आणि ओळंबा घेऊन आले. ओळंबा म्हणजे दोरीला बांधलेलं वजन. तो सोडला की उभी रेघ चुकत नाही. दोघं जुने सोबतीही आले. दुपारपर्यंत सगळ्या भिंतीवर चौकोन आखले गेले, पाहुण्याला ज्यांचा इतका कमीपणा वाटायचा तेच. तो चौकोनांकडे बघत राहिला आणि म्हणाला, "माएस्त्रो." अब्बांनी मला विचारलं, काय म्हणतोय? म्हटलं, उस्ताद म्हणतोय. मग तेही त्याला 'मिस्त्री' म्हणू लागले. त्यांच्या जगात याहून मोठी पदवी नाही, माझी धरूनसुद्धा.

ते नऊ दिवस दोघं अखंड भांडले. पाहुणा रेघा ओढायचा, अब्बा आणि सोबती रंग भरायचे, आणि अब्बांची कड इतकी साफ यायची की पाहुणा वैतागायचा. "माएस्त्रो, आग पेटल्यासारखा पंख हवा!" "मिस्त्री, आग नंतर लाव. पहले पंख सरळ कर." "हे पोस्टाचं तिकीट दिसतंय!" "पोस्टाचं तिकीट गळून पडत नाही." अम्मी वर भाकऱ्या पाठवायची आणि दोघं लिफ्टच्या पिंजऱ्यात शेजारी बसून, तोंड फिरवून, एकाच डब्यातून खायचे.

उद्घाटनाच्या आदल्या दिवशी काम संपलं. ससाणा अजूनही थोडा कोंबडीसारखाच होता, पण भव्य कोंबडी. मग पाहुण्याने खाली डाव्या कोपऱ्यात वीतभर जागा आखली. त्याच्या लोकांची रीत आहे, भिंतीला ज्याचा ज्याचा हात लागला त्याचं नाव लिहायचं. त्याने आपलं नाव लिहिलं, सोबत्यांची लिहिली, अम्मीचं लिहिलं, नातूरच्या बायकोचं पुन्हा लिहिलं. माझं लिहिताना पुढे डिग्रीही लिहिली, चेष्टेने. अब्बांचं नाव लिहायला वाकला तर अब्बांनी त्याचा हात धरला. "नो. वॉल क्लीन." अठ्ठावीस वर्षांत त्यांनी भिंतीवर बोटाचा ठसा राहू दिला नव्हता. पाहुण्याने वाद घातला नाही. बारीक ब्रश त्यांच्या हातात ठेवला आणि हात धुवायला निघून गेला. तो चांगला वीस मिनिटं हात धूत होता. अब्बा उभे राहिले. इकडे तिकडे पाहिलं. मग उकिडवे बसले आणि चौथीतल्या मुलासारखी जीभ दातात धरून, मराठीत, काना-मात्रा नीट देत, त्यांनी आपलं पूर्ण नाव लिहिलं. वर रेघ ओढली. ती ओळंब्याइतकी सरळ होती.

फेब्रुवारीत पाहुणा परत गेला. जाताना इस्त्री आमच्याकडेच ठेवून गेला. ती मुळात आमचीच होती, पण त्याने ती भेट म्हणून दिली. आता दर महिन्याच्या पहिल्या तारखेला त्याचा फोन येतो आणि तो एकच विचारतो, "इज शी देअर?" अब्बा चपला घालून खाली उतरतात, पार्किंग ओलांडतात, भिंतीवर तळहात ठेवतात, कुठे खार फुटलाय का बघतात, कुठे पोपडा नाही ना बघतात. हल्ली, कोणी बघत नसेल तर, टकटकही करतात. मग फोनवर सांगतात, "वॉल ओके, मिस्त्री." पलीकडून पत्र्याच्या डबीचं झाकण लावल्याचा आवाज येतो. त्या डबीत एकविसावी खपली अजून गेलेली नाही.

त्याने आयुष्यात एकवीस भिंती रंगवल्या. अब्बांनी किती रंगवल्या ते त्यांनाही ठाऊक नाही. त्या सगळ्यांतली एक भिंत दोघांच्या नावाने उभी आहे.